आठ काचांचं पाणी

२० फेब्रुवारी १९८३, रविवार

बोअरला पाणी लागलं. गावानं गुलाल उधळला, सरपंच साहेबरावांनी नारळ फोडला, मशीनवाल्यांच्या डोक्याला फेटे बांधले. मग सरपंचांनी पहिली ओंजळ तोंडात घेतली आणि तिथेच थुंकून टाकली. खारट, मचूळ पाणी. गुलाल अंगावर तसाच आणि माणसं एकमेकांच्या तोंडाकडे बघत उभी.

मी म्हणालो, यातलं मीठ वेगळं काढून गोडं पाणी करता येतं. कोणी लक्ष दिलं नाही. माझं ऐकायची लोकांना सवय असती तर मी हणमंतखेडच्या शाळेत विज्ञान शिकवत कशाला बसलो असतो?

उस्मानाबादपासून वेगळा लातूर जिल्हा होऊन सहा महिने झाले. बायको उमा लातुरात माझ्या आई-अप्पांजवळ, मी इथं घरमालकीण कोंडाबाईच्या एका खोलीत. नव्या जिल्ह्याला नवं विज्ञान केंद्र निघणार आहे, तिथे एक जागा आहे. मागच्या महिन्यात पंचायत समितीचे साहेब म्हणाले, "गुरुपादप्पा, अर्ज ढिगानं आलेत. काहीतरी करून दाखवा." तर हे करून दाखवणार. दुष्काळात खाऱ्या पाण्यातून गोडं पाणी. याहून जास्त काय दाखवायचं राहिलं?

२६ फेब्रुवारी

कोंडाबाईची डाळ सकाळपासून चुलीवर आहे आणि दुपारी जेवताना दाणा न् दाणा वेगळा. बोअरच्या पाण्यात तूर शिजतच नाही. मी क्षारांची माहिती सांगायला लागलो तर म्हणाली, "ते तुमचं ऱ्हाऊ द्या गुर्जी. पानी कसं हाय ते जिभंला नगा इचारू, डाळीला इचारा." इकडे लेक द्यायची झाली की पोराचं शिक्षण नंतर विचारतात म्हणे. आधी विचारतात, तुमच्या गावच्या पाण्यात डाळ शिजती का?

गावविहिरीच्या तळाला अजून थोडं गोडं पाणी झिरपतं. त्यावर बायकांची रांग असते. वस्तीवरच्या बायका मात्र रांगेत नसतात. त्या विहिरीपासून लांब घागरी मांडून बसतात, कोणी वरून ओतलं तर भरून नेतात. गावची जुनी रीत आहे, आपण त्यात पडत नाही. माझं पाणी वाफेचं असणार. आभाळातून पडल्यासारखं. त्याला कसली आली विहीर आणि कसली रीत?

८ मार्च, मंगळवार

उदगीरला जाऊन आलो. काचांच्या मंजुरीचा कागद आधी उस्मानाबादला गेला, तिथून "आता तुमचं लातूर" म्हणून परत आला, लातूरवाल्यांनी "जुनं प्रकरण आहे" म्हणून पुन्हा उस्मानाबादला लावला. कचेरीच्या पाटीवर अजून लातूरच्या रंगाखालून उस्मानाबाद दिसतंय. शेवटी साहेबांच्या टेबलासमोर उभं राहून हातानं सही आणली.

मकसूदच्या दुकानात काचा घेतल्या. तो फोटो मढवतो. आठ मोठ्या काचा मागितल्या तर म्हणाला, "मास्तर, फोटो किसका है? पूरे खानदान का क्या?" मी म्हणालो, फोटो नाही, पाणी काढायचंय. त्यानं काचेकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि दुकानातल्या पोऱ्याला चहा आणायला पाठवलं. वेड्याला चहा पाजून वाटेला लावतात तसं. पण बसवायला येतो म्हणाला, आणि काचेच्या सांध्यांत भरायची लांबी स्वतःची आणतो म्हणाला.

१७ मार्च, गुरुवार

यंत्र उभं राहिलं. विटांचे आठ उथळ हौद, आतून काळे, वर तिरप्या काचा. खारं पाणी भरायचं, उन्हानं त्याची वाफ होते, वाफ काचेच्या आतल्या बाजूला धरते, थेंब काचेवरून घसरत खालच्या पन्हळीत, पन्हळीतून डब्यात. मीठ हौदात राहतं. सोपं आहे. सोप्या गोष्टीवरच लोकांचा विश्वास बसत नाही.

गावानं जागा दिली ती शाळेच्या मागची, वस्तीला चिकटून. चांगली जागा मागितली तर सरपंच म्हणाले, "तिथं ऊन काय कमी हाय का?" हौद भरायला आणि काचा पुसायला माणूस हवं होतं. गावातलं कोणी येईना. वस्तीवरची चांगुणा तयार झाली. चाळिशीची, बोलायला तुटक, कामाला वाघीण. पंचायतीनं तिचा मजुरीचा रोज मंजूर केला.

पहिला थेंब पडला तेव्हा मी पन्हळीखाली तोंड लावून बसलो होतो. थेंब थेंब करून घोटभर झालं. गोड! मोठ्यानं हसलो. चांगुणा पदरानं तोंड झाकून बघत होती.

२१ मार्च

दिवसाला दोन घागरी निघतात. आज चांगुणाच्या डोक्यावर घागर देऊन चावडीवर नेली. सरपंचांनी घागरीवर वाकून हुंगलं. "वास येतोय, गुर्जी." बाकीच्यांनी न पिताच माना हलवल्या. मी स्वतः पुन्हा पिऊन पाहिलं. खरंच येतो. मकसूदच्या लांबीचा तेलकट वास. चूक माझी. तिला म्हणालो, आजचं सगळं फेकून दे.

२८ मार्च

लांबी खरवडली, सगळे सांधे सिमेंटनं भरले. वास गेला. मी दोनदा प्यालो, काहीच वास नाही. चांगुणानं पुन्हा घागर चावडीवर नेली. आता म्हणतात, "चव न्हाई." बरोबर आहे. वाफेच्या पाण्यात क्षार नसतात, ते जिभेला फिक्कं लागतं. यावर उपाय आहे. चुनखडीचे खडे आणून धुतोय.

"आजचं?" चांगुणानं विचारलं.

"फेकून दे."

"हाव," म्हणाली आणि घागर उचलून वस्तीकडे गेली.

२ एप्रिल

चुनखडीतून गाळलं. चव न्हाई.

५ एप्रिल

त्यात तांब्याभर विहिरीचं पाणी मिसळलं. चव न्हाई. उंचावरून धार धरून हवा खेळवली. चव न्हाई. माठात ठेवून गार केलं. माठ नवा, कुंभाराकडून आणलेला. गार लागतंय म्हणाले, पर चव न्हाई. म्हणाले म्हणजे काय, ओठसुद्धा ओले केले नाहीत. पालथ्या घड्यावर पाणी म्हणतात ते हेच, आणि इथे घडाही माझा, पाणीही माझंच.

रोज संध्याकाळी चांगुणाला तेच सांगतो, फेकून दे. तिला तरी काय वाटत असेल? दिवसभर उन्हात भरायचं आणि संध्याकाळी ओतून द्यायचं. तरी काचा अशा पुसते की त्यात माझी टोपी दिसते. एवढी गरज नाही म्हटलं तर म्हणाली, "धूळ बसली की पानी कमी पडतंय, गुर्जी." खरं आहे, पण फेकायच्या पाण्यासाठी एवढी काळजी कशाला?

९ एप्रिल, शनिवार

उमा दोन दिवसांसाठी आली. मी मोठ्या हौसेनं तिला यंत्र दाखवलं. चांगुणानं पेला भरून पुढे केला. उमा म्हणाली, "आत्ता नको, प्रवासानं पोट बिघडलंय." संध्याकाळी पुन्हा विचारलं तर म्हणाली, "मला विहिरीचं चालतं की." कोंडाबाईच्या वाट्याचं घटाघट प्याली. पोट तेवढ्यात बरं झालं वाटतं!

माझ्या घरातच ही तऱ्हा, तर गावाला काय बोलणार? काहीतरी बारीक दोष राहिलाय जो फक्त मला लागत नाही. माझी जीभ रोज पिऊन सरावली असणार. मी तर पन्हळीखालीच पेला धरून पितो, ताजं.

रात्री उमा म्हणाली, "लातूरचं जमतंय ना? अप्पा विचारत होते." म्हटलं, जमेल. मेच्या मध्याला पंचायत समितीचे साहेब येणार आहेत. तोवर गावानं पाणी प्यायला लागायला हवं, बस. नाही प्यालं तर यंत्र मोडीत आणि मी इथंच.

१४ एप्रिल

वस्तीवर जयंती. निळे झेंडे, हलगी, पोरांची लगबग. मिरवणूक शाळेवरून गेली. चांगुणा नवी साडी नेसून सरबताचा ग्लास घेऊन आली. लाल सरबत, ग्लासातून पलीकडचं दिसावं इतकं नितळ. तिच्या कडेवर तिच्या सुनेचं तान्हं होतं, टोपडं घातलेलं. मी म्हणालो, ठेव तिथं, नंतर घेतो, मोजमापाची वेळ झालीय. परत आलो तोवर त्यात मुंग्या झाल्या होत्या.

घरी येताना वस्तीवरून वरणाचा वास आला. मऊ शिजलेल्या तुरीचा, लसणाची फोडणी दिलेला. कोंडाबाईची डाळ इकडे दोन तास रटरटतेय. सणाला कुठून तरी गोडं पाणी आणलं असणार.

२० एप्रिल

आज सरपंच आपण होऊन आले. मला वाटलं, आले एकदाचे. तर म्हणतात, "गुर्जी, तुमचं ते डिस्टिल पानी बाटलीभर द्या. ट्रॅक्टरच्या बॅटरीला लई झ्याक." उदगीरला विकत मिळतं तेच हे, फुकट. ट्रॅक्टर प्याला. गाव पीत नाही.

२४ एप्रिल

एक शंका आली. लिहायला बरं वाटत नाही, पण दोष शोधायचा तर काही सोडून चालत नाही. हात. भरणाऱ्याचे हात. चांगुणाला साबणाची नवी वडी दिली आणि म्हणालो, घागरीला हात लावण्याआधी धुवत जा. तिनं वडी घेतली, वास घेतला, तिथेच माझ्यासमोर कोपरापर्यंत हात धुतले. सावकाश, फेस निघेपर्यंत. मग विचारलं, "झाले का?"

"झाले."

"मंग आज पित्याल?"

"बघू," मी म्हणालो.

प्याले नाहीत.

३ मे, मंगळवार

चावडीवर कोणी नव्हतं तेव्हा साहेबराव सरपंच जवळ बसले. पान लावत म्हणाले, "तुमी लई शिकल्याले मानूस. पर एक सांगू? पानी भरनारी बदला. कोंडाबाईला लावा. बगा चव येतीया का न्हाई."

"साबण दिलाय तिला," मी म्हणालो.

ते हसले. "साबनानं न्हाई जायाचं ते."

साहेब यायला आठवडा उरलाय. बाकी सगळं बदलून झालं. लांबी, चुनखडी, माठ, धार. शास्त्रात एका वेळी एकच गोष्ट बदलायची असते आणि आता ही एकच उरली. चांगुणाला सांगितलं, दोन-चार दिवस येऊ नकोस, कोंडाबाई बघतील. तिच्या हातात काच पुसायचं फडकं होतं. तिनं ते नीट घडी घालून कट्ट्यावर ठेवलं.

"दोनच दीस?"

"बघू या."

"हाव," म्हणाली. पण लगेच गेली नाही. डब्यात पडणाऱ्या थेंबांकडे बघत थोडा वेळ उभी राहिली.

५ मे

आज जे झालं ते जसंच्या तसं लिहितो.

सकाळपासून मळभ. ऊन नाही, वाफ नाही. दुपारपर्यंत डब्यात जेमतेम दोन तांबे पाणी. कोंडाबाई नवी घागर घेऊन हजर, चावडीवर माणसं जमलेली. सरपंचांनी निरोप फिरवला होता. रिकामी घागर कशी पाठवू? मी बोअरचं पाणी ओतून ती भरली. जवळजवळ सगळं बोअरचंच. म्हटलं, आज शिव्या खाऊ, उद्या ऊन पडेल.

कोंडाबाईनं घागर उतरवली. सरपंच प्याले. दुसरा पेला मागितला. मग सगळ्यांनी घेतलं, म्हाताऱ्यांनी, बायकांनी. एक आजी म्हणाली, "आता कशी चव आली! नारळाच्या पान्यावानी." मी खाऱ्या पाण्याची चव ओळखतो. घागरीतलं मीही प्यालो. मचूळ होतं. तेच, जे फेब्रुवारीत सरपंचांनी थुंकून टाकलं होतं.

मी हसायला लागलो आणि मग मला हसू येईनासं झालं.

म्हणजे लांबीचा वास एवढाच काय तो खरा होता. बाकी सगळं त्यांना पहिल्या दिवसापासून ठाऊक होतं. दीड महिना मी चुनखडी धुतोय, माठ बदलतोय, उंचावरून धार धरतोय आणि हे सगळे माना हलवत "चव न्हाई" म्हणतायत! एकानंही तोंडानं खरं कारण सांगितलं नाही. माझ्याइतका मूर्ख सगळ्या लातूर जिल्ह्यात सापडणार नाही, जुन्या उस्मानाबाद जिल्ह्यातसुद्धा नाही.

आणि ती साबणाची वडी.

६ मे

वस्तीवर गेलो. चांगुणा दारात लाकडं फोडत होती.

"तुला ठाऊक होतं?" मी विचारलं.

"काय, गुर्जी?"

"लोक का पीत नाहीत ते."

"अख्ख्या गावाला ठाव हाय."

"मग मला सांगायचं नाही?"

तिनं कुऱ्हाड खाली ठेवली. "सांगितलं आसतं तर काय केलं आसतं तुमी? दुसरी बाई लावली आसती. आता लावलीच की."

मग तिनं पुढे सांगितलं, जणू हिशेब द्यायचाच होता. "रोज सांजंला तुमी म्हनायचे, फेकून दे. येवढं नितळ पानी कोन फेकतं हो? समदी वस्ती पेली. माजी सून बाळंतीन हाय, बोअरच्या पान्यानं तिचं पोट चालायचं, पोराचंबी चालायचं. महिनाभर दोगं ठणठणीत होते. डाळ शिजायची आमच्या घरात. आता परवाधरनं फिरून इहिरीवर बसून राहिलो आमी."

आतून पोराचं रडणं आलं. बारीक, दमलेलं. ती उठून आत गेली आणि मी परत आलो.

माझा प्रयोग पहिल्या आठवड्यापासून यशस्वी होता तर. फक्त मला कोणी कळवलं नव्हतं.

१२ मे, गुरुवार

साहेब जीपमधून आले. सरपंचांचा फेटा, हार, फोटो. कोंडाबाईनं नव्या भांड्यातून पाणी दिलं. आज ऊन कडक होतं, पाणी खरंच गोड होतं. चुलीवर तूर शिजवून दाखवली, साहेबांनी बोटानं दाणा चेपून पाहिला आणि म्हणाले, "उत्तम! अशी दहा यंत्रं देऊ. आणि गुरुपादप्पा, तुमच्यासारखी माणसं लातूरला पाहिजेत." सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मीसुद्धा.

मग सरपंच म्हणाले, यंत्र मारुतीच्या पाराजवळ हलवू, कुंपण घालू, कुलूप लावू. "तिकडं मागं वस्तीला कोन बघनार? कोनीबी हात लावंल." साहेब म्हणाले, योग्य आहे. अहवाल तीन दिवसांत पाठवा.

वस्तीवरून कोणी आलं नव्हतं. कोणी बोलावलंही नव्हतं.

१५ मे, रविवार

अहवालाचा कागद समोर आहे. "यशस्वी" लिहिलं की लातूर, उमा, स्वतःचं घर, अप्पांचं समाधान. दहा यंत्रं म्हणजे दहा गावं. त्या दहा गावांतही कोणाच्या तरी हातात कुलपाची किल्ली असेलच. दोन घागरी पाणी आहे, कोणाला पुरणार आणि कोणाला नाही हे आधीच ठरलेलं.

लिहिलं ते असं: "यंत्र दोन महिने चालवले. पाणी शुद्ध निघते. परंतु ग्रामस्थांना पाण्याची चव पसंत नाही, असे मत सरपंचांसह सर्वांनी वेळोवेळी दिले आहे. सबब प्रयोग अयशस्वी. काचा हलवताना फुटण्याचा संभव असल्याने यंत्र निरुपयोगी समजून जागेवरच सोडून द्यावे."

एक शब्द खोटा नाही. वाचून मला मोठी गंमत वाटली. पाकीट बंद करून टपालात टाकलं.

चांगुणाच्या नातवासाठी केलं असं लिहावंसं वाटतंय. पण इथे तरी प्रामाणिक राहू. निम्मं त्या चुनखडीच्या रागानं केलं.

२२ मे

अहवाल मान्य झाल्याचं पत्र घेऊन सरपंच शाळेच्या व्हरांड्यात येऊन ओरडले. "गुर्जी, गावाच्या तोंडचं पानी पळवलं तुमी!"

"चव नव्हती, तुम्हीच म्हणत होतात."

त्यांनी मिशीवरून हात फिरवला. जाता जाता म्हणाले, "आन माज्या बॅटरीचं काय?"

"चांगुणाला विचारा."

मला वाटलं होतं चांगुणा खूश असेल. ती संध्याकाळी आली ती भांडायलाच. "यंत्र ठिवलं ते बरं केलं. पर रोज बुडाला की माजा! निरुपयोगी झालं म्हनून पंचायतीनं बंद केला. तुमी रागात लिव्हलं का इचार करून?"

"दोन्ही," मी म्हणालो.

"इचार केला आसता तर रोज तरी ऱ्हायला आसता." आणि फडकं घेऊन काचा पुसायला लागली. पुसता पुसता म्हणाली, "सरपंचाचा गडी आल्ता बाटली घिऊन. बॅटरीला आमचं चालतंय म्हनं."

१२ जून, रविवार

विज्ञान केंद्रावर दुसऱ्या कोणाची तरी नेमणूक झाली. उमानं वाट पाहणं सोडलं आणि ट्रंक, स्टोव्ह, पोळपाट-लाटणं घेऊन बसनं इकडे आली. "तुम्ही येत नाही तर मीच आले," एवढं म्हणाली. त्यानंतर माझ्याशी बोललेली नाही. स्टोव्हशी बोलते.

मृग कोरडा चाललाय. कोंडाबाईचंही काम सुटलं, त्या रागानं तिच्या वाट्यातून मिळणारं आमचं विहिरीचं पाणी तिनं बंद केलं. आम्हाला आता बोअरचंच.

१५ जून

डाळ शिजत नाही. परवा शिजली नाही, काल सोडा घालून शिजली नाही, आज उमानं रात्रीच भिजत घातली तरी नाही. रॉकेल संपत आलं. मी तीन दिवस कच्च्या दाण्यांचं वरण मुकाट्यानं खातोय. माझं पोट बिघडलंय, तिचंही. माझ्याच शाळेच्या मागे आठ काचांखाली गोडं पाणी पडतंय, ते मी बोललो नाही, तीही बोलली नाही.

१६ जून, गुरुवार

सकाळी उमा भांडी घासत होती. पाठ माझ्याकडे. म्हणाली, "त्या चांगुणाबाईंकडं तांब्याभर पाणी मिळेल का? डाळीपुरतं."

"तुला चालेल?"

"डाळ शिजायला पाहिजे," म्हणाली आणि राखेत हात घातला.

तांब्या घेऊन गेलो. वस्तीच्या बायका घागरी लावून बसल्या होत्या, गप्पा चालल्या होत्या. चांगुणाची सून मांडीवर पोर घेऊन डब्यावर लक्ष ठेवून होती. पोराचे गाल भरलेत. मी चांगुणापुढे तांब्या धरला.

तिनं तो घेतला नाही. डबा उचलला आणि म्हणाली, "खाली ठिवा, गुर्जी."

मी तांब्या जमिनीवर ठेवला. ठेवला आणि दोन पावलं मागे सरलो. कोणी सरायला सांगितलं नव्हतं. तिनं वरून धार धरली, बारीक, सरळ, काठाला न लागणारी. एक थेंब बाहेर सांडला नाही. सवयीनं केलं की मुद्दाम, तिच्या चेहऱ्यावरून कळेना, आणि विचारायला मला तोंड नव्हतं.

तांब्या उचलला तेव्हा म्हणाली, "लागलं तर उंद्याबी या. पर लवकर या. आमचं भरून झाल्यावर उरतंच आसं न्हाई."

डाळ शिजली. उमानं दोनदा वाढून घेतली. उद्या लवकर जायला हवं.